श्रद्धा कमी पडली, असं आजारी माणसाला सांगू नका

नैराश्यात बुडालेल्या श्रद्धाळू माणसाला मार दोन्हीकडून बसतो. घरचे, नात्यातले, प्रार्थनेला सोबत येणारे सांगतात, 'मन लावून प्रार्थना कर, विश्वास ठेव, सगळं ठीक होईल.' त्यानं ती केलेली असते. महिनोन्महिने, रडत रडत केलेली असते. ठीक काहीच झालेलं नसतं. मग तो मनातल्या मनात हिशेब मांडतो: प्रार्थना खोटी असूच शकत नाही, म्हणजे खोट माझ्यातच आहे. असा माणूस कसाबसा उपचारांपर्यंत पोचला, तर तिथे त्याला झोपेबद्दल विचारतात, भुकेबद्दल विचारतात, दारू, औषधं, घराण्यातले आजार, सगळं विचारतात. देवाबद्दल बहुतेक वेळा कुणी विचारत नाही. तोही आपणहून बोलत नाही, कारण अशा ठिकाणी असलं काही बोलायचं नसतं, असं त्यानं धरूनच ठेवलेलं असतं. ज्या गोष्टीच्या आधारावर तो आजवर जगला आणि जिच्यामुळे आज तो स्वतःला दोषी ठरवतो आहे, तीच दाराबाहेर राहते.

मानसशास्त्र आणि धर्मश्रद्धा यांच्या नात्याची चर्चा निघाली की ती लगेच देव आहे की नाही या वळणावर जाते. त्या वादात मानसशास्त्राला साक्षीला बोलावण्यात अर्थ नाही. तो प्रश्न सोडवण्याची साधनं त्याच्याकडे नाहीत. त्याला दुसरा एक प्रश्न मात्र नक्की विचारता येतो, आणि तो त्यानं विचारायलाच हवा असं माझं ठाम मत आहे: या माणसाची ही श्रद्धा आत्ता, या दुःखात त्याचं काय करते आहे? त्याला धरून ठेवते आहे की आतून पोखरते आहे? हा प्रश्न टाळण्यात नास्तिक आणि आस्तिक दोघांचाही हात आहे.

नास्तिकांच्या बाजूनं पहिलं नाव निघतं मनोविश्लेषणाचा जनक सिग्मंड फ्रॉइडचं. १९०७मध्ये त्यानं एका लेखात मंत्रचळाच्या (नकोसे विचार पुन्हा पुन्हा येणं आणि त्यापायी तीच कृती पुन्हा पुन्हा करावी लागणं, म्हणजे ओसीडीच्या) रुग्णाची कर्मकांडं आणि धार्मिक विधी शेजारी शेजारी ठेवले आणि धर्म हा जणू साऱ्या समाजाला जडलेला मंत्रचळ आहे, असं सुचवलं. पुढे १९२७च्या पुस्तकात त्यानं देवाला लहान मुलाच्या बापाच्या ओढीशी जोडलं. माणूस जगापुढे असहाय असतो, त्याला कुणीतरी सांभाळणारा हवा असतो, म्हणून तो आभाळात बाप उभा करतो, असा तो युक्तिवाद. हे वाचून कित्येकांना वाटतं की विषय संपला. पण त्याच पुस्तकात फ्रॉइड एक गोष्ट स्पष्ट करतो, आणि त्याचा दाखला देणारे नेमकी तीच गाळतात. तो म्हणतो, एखादी समजूत इच्छेतून जन्मली एवढ्यानं ती चुकीची ठरत नाही. साध्या घरातल्या मुलीला राजपुत्र येऊन आपल्याशी लग्न करील असं वाटत असेल, तर ते इच्छेतून आलेलं आहे खरं, पण तसं घडणं अशक्य नाही आणि क्वचित घडलंही आहे. म्हणजे समजुतीचा उगम दाखवणं वेगळं आणि ती खरी की खोटी हे ठरवणं वेगळं, हे खुद्द फ्रॉइडला मान्य होतं. झुरिकमधला एक पाद्री, ऑस्कर फिस्टर, स्वतः मनोविश्लेषण करायचा. १९०९पासून फ्रॉइडच्या मृत्यूपर्यंत दोघांचा पत्रव्यवहार चालला. १९२८मध्ये त्यानं फ्रॉइडच्या त्या पुस्तकाला जाहीर उत्तर लिहिलं आणि फ्रॉइडच्याच नियतकालिकात ते छापून आलं. मैत्री तुटली नाही. मनोविश्लेषण स्वतः धार्मिकही नाही आणि धर्मविरोधीही नाही, ते पाद्र्यानंही वापरावं असं साधन आहे, हे फ्रॉइडनं फार आधीच त्याला पत्रात लिहिलेलं होतं. आज या विषयावर हिरिरीनं भांडणाऱ्यांपेक्षा ते दोघं कितीतरी समजूतदार होते.

अमेरिकन मानसशास्त्रज्ञ विल्यम जेम्सनं तर त्याच्याही आधी, १९०१-०२मध्ये एडिंबरामध्ये दिलेल्या व्याख्यानांत, या सगळ्या पद्धतीतली खोच दाखवून दिली होती. ख्रिस्ती संत पॉलला दमास्कसच्या वाटेवर येशूचं जे दर्शन झालं तो अपस्माराचा झटका होता, अमुक संत स्त्रीला उन्माद होता, असं म्हणून अनुभव निकालात काढायची तेव्हा फॅशन होती. जेम्सचं म्हणणं असं की प्रत्येक विचारामागे शरीरात काही ना काही घडतंच. भक्ताच्या विचारामागे त्याचं यकृत असेल, तर कट्टर नास्तिकाच्या विचारामागेही त्याचं यकृत आहेच. मग एकाचा विचार शरीरामुळे बाद आणि दुसऱ्याचा शरीर असूनही ग्राह्य, हे कसं? त्यानं सुचवलं की अनुभव कुठून आला यापेक्षा त्यातून पुढे काय निपजलं ते बघा. मला हीच कसोटी कामाची वाटते, कारण ती आस्तिकालाही तितकीच लागू पडते. फळं बघायची तर कडू फळंही बघावी लागतील.

अल्बर्ट एलिसची गोष्टही इथे सांगायला हवी. बोधात्मक उपचारांच्या (विचारांची पद्धत बदलून मन सावरण्याच्या उपचारांच्या) जनकांपैकी एक असलेल्या या मानसशास्त्रज्ञानं १९८०मध्ये लिहिलं होतं की धार्मिकपणा आणि अविवेकी विचार यांत फारसा फरक नाही, भावनिक बिघाडाशी त्याचं थेट नातं आहे. ॲलन बर्गिन या मानसशास्त्रज्ञाशी त्याचा त्यावरून छापील वाद झाला. एलिस शेवटपर्यंत नास्तिकच राहिला, पण पुढे त्यानं मत बदललं: घातक आहे ती 'असंच असलं पाहिजे, नाहीतर मी नालायक' ही ताठर वृत्ती, मग ती धर्माच्या नावानं असो वा इतर कशाच्या. २००१मध्ये त्यानं श्रद्धाळू सहकाऱ्यांबरोबर धार्मिक रुग्णांच्या समुपदेशनावर पुस्तकही लिहिलं.

आता दुसरी बाजू. गेल्या काही दशकांत 'श्रद्धा आरोग्याला चांगली' हा प्रचार जोरात आहे, आणि त्याला आकड्यांचा आधारही आहे. अमेरिकेतल्या ८९,७०८ परिचारिकांची १९९६ ते २०१०पर्यंतची माहिती तपासून २०१६मध्ये एक अभ्यास प्रसिद्ध झाला. आठवड्यातून एकदा किंवा त्याहून जास्त वेळा सामूहिक उपासनेला जाणाऱ्या स्त्रियांत आत्महत्येचं प्रमाण कधीच न जाणाऱ्यांच्या मानानं सुमारे पाचपटींनी कमी आढळलं. हा फरक कुणीही हसण्यावारी नेऊ नये. माणसं भेटतात, कुणी आलं नाही तर चौकशी होते, आठवड्याला एक आकार असतो, आत्महत्या करू नये असं मनावर बिंबलेलं असतं. यातल्या कशाचा वाटा किती हे वेगळं काढता येत नसलं तरी आधार खरा आहे. पण यावरून 'मन आजारी आहे? मग देवाकडे वळा' असं सांगणाऱ्यांचा मी कडाडून विरोध करतो. एक तर हे एका देशातल्या, एका पेशातल्या स्त्रियांचं निरीक्षण आहे. आणि मुख्य म्हणजे श्रद्धा चिठ्ठीवर लिहून देता येत नाही. रक्तदाब उतरावा म्हणून धरलेली श्रद्धा तो उतरला नाही की सुटते. मानसशास्त्रज्ञ गॉर्डन ऑलपोर्टनं हा भेद फार पूर्वी केला होता: काहींसाठी धर्म हेच जगण्याचं केंद्र असतं, तर काहींसाठी ते सोय, प्रतिष्ठा किंवा सुरक्षितता मिळवण्याचं साधन. दुसऱ्या प्रकारातून पहिल्याची फळं मागणं व्यर्थ आहे.

प्रार्थनेला गोळीसारखं मोजायचा प्रयत्नही झाला. २००६मध्ये हृदयाची बायपास शस्त्रक्रिया झालेल्या १,८०२ रुग्णांचा अभ्यास प्रसिद्ध झाला. काहींसाठी अनोळखी लोकांनी प्रार्थना केली, काहींसाठी केली नाही. आपल्यासाठी प्रार्थना होते आहे की नाही हे माहीत नसलेल्या दोन्ही गटांत गुंतागुंत जवळपास सारखीच झाली, ५२ आणि ५१ टक्के. ज्यांना ती नक्की होते आहे असं सांगितलं होतं, त्यांच्यात मात्र ५९ टक्के. नास्तिकांनी यावर टाळ्या वाजवल्या. मला त्या टाळ्याही पटत नाहीत. कुठलाही गंभीर भक्त प्रार्थनेकडे मात्रा ठरवून दिलेल्या औषधासारखा बघत नाही, तेव्हा तो निकाल त्याच्या श्रद्धेच्या बाजूनंही नाही आणि विरोधातही नाही.

मला महत्त्वाचा वाटतो तो वेगळाच अभ्यास. मानसशास्त्रज्ञ केनेथ पार्गामेंट आणि त्याच्या सहकाऱ्यांनी रुग्णालयात दाखल झालेल्या, पंचावन्न वर्षं किंवा त्याहून जास्त वयाच्या ५९६ रुग्णांना श्रद्धेबद्दल विचारलं आणि सुमारे दोन वर्षं त्यांचा मागोवा घेतला. २००१मध्ये निष्कर्ष आले. देवानं मला टाकलं आहे का, देवाचं माझ्यावर प्रेम तरी आहे का, हा सैतानाचाच उद्योग आहे, अशा विचारांनी ग्रासलेल्यांमध्ये या काळात मृत्यूचा धोका जास्त दिसला. आजाराची तीव्रता आणि मनःस्थिती हिशेबात धरूनही. म्हणजे दोन माणसं सारखीच श्रद्धाळू, शेजारच्या दोन खाटांवर. एकाला वाटतं, देव इथे माझ्याजवळ बसला आहे. दुसऱ्याला वाटतं, त्यानं माझ्याकडे पाठ फिरवली आहे. 'श्रद्धा आहे का?' या प्रश्नाला दोघंही 'हो' म्हणतील. पुढे विचारलं नाही, तर त्या दुसऱ्या माणसाची यातना कुणालाच कळणार नाही.

अशा माणसाला आपण काय सांगतो? 'असं बोलू नये, पाप लागेल.' हे ऐकलं की तो गप्प होतो, आणि त्या गप्प होण्याला आपण मनःशांती समजतो. खरं तर देवावर चिडण्याची परंपरा श्रद्धेच्या आतलीच आहे. बायबलमधल्या ईयोबानं, सगळं गमावल्यावर, देवाला जाब विचारला. ज्यू आणि ख्रिस्ती स्तोत्रांमध्ये आक्रोशाची स्तोत्रं भरलेली आहेत. आपले तुकाराम तर 'माझे लेखीं देव मेला' इथपर्यंत गेले आणि तरीही, किंवा त्यामुळेच, भक्तच राहिले. संतांना जे भांडण शोभलं, ते मूल गमावलेल्या आईला का शोभू नये? तिला तिच्या परंपरेतलं हे दालन उघडून दाखवणं समुपदेशकाला जमेल, धर्मगुरूला तर त्याहून चांगलं जमेल. तिला बोलू दिलं तर ती श्रद्धा सोडेलच असं नाही, आणि सोडली तरी त्या क्षणी तिची श्रद्धा वाचवणं हे आपलं काम नाही. आपलं काम तिच्याजवळ बसण्याचं आहे.

श्रद्धा आणि आजार एकमेकांत किती घट्ट गुंततात हे बघायचं असेल तर धार्मिक मंत्रचळ जवळून बघावा. एक माणूस प्रार्थनेला बसतो. चौथ्या ओळीला मनात एक अश्लील चित्र किंवा देवाला दिलेली शिवी चमकून जाते. तो दचकतो आणि पहिल्या ओळीपासून पुन्हा सुरुवात करतो. आता चित्र येऊ नये म्हणून तो मनावर पहारा ठेवतो, आणि पहारा ठेवल्यामुळेच ते या वेळी दुसऱ्या ओळीला येतं. पाच मिनिटांची प्रार्थना तीन तासांवर जाते. घरचे म्हणतात, किती भाविक आहे. तो मात्र आतून घामाघूम झालेला असतो, कारण त्याच्या लेखी त्यानं आज चाळीस वेळा देवाचा अपमान केलेला असतो. १९७८मध्ये रॅकमन आणि डिसिल्व्हा या मानसशास्त्रज्ञांनी दाखवून दिलं की असे नकोसे, ओंगळ विचार बहुतेक निरोगी माणसांच्याही मनात येऊन जातात. फरक एवढाच की निरोगी माणूस त्यांना महत्त्व देत नाही. मंत्रचळाच्या रुग्णाला तो विचार म्हणजे आपल्या आत्म्याचा पुरावा वाटतो.

पाच शतकांपूर्वीचं उदाहरण आहे. जेझुइट या कॅथलिक धर्मसंघाचा संस्थापक इग्नेशियस लोयोला १५२२मध्ये स्पेनमधल्या मानरेसा इथे राहत होता. तीन दिवस चाललेला सविस्तर पापांगीकार, म्हणजे धर्मगुरूपुढे दिलेली पापांची कबुली, त्यानं आधीच केला होता. तरी काहीतरी सांगायचं राहिलं, नीट सांगितलं नाही, ही टोचणी जाईना. तो पुन्हा पुन्हा कबुली देत राहिला. शेवटी धर्मगुरूनं सांगितलं, अगदी स्पष्ट दिसणारं पाप असेल तरच बोल. उपयोग झाला नाही, कारण त्याला सगळीच पापं स्पष्ट दिसत होती. खोलीतल्या मोठ्या भगदाडातून स्वतःला झोकून द्यावं, असं त्याला वारंवार वाटायचं. यातून बाहेर आल्यावर त्यानं साधकांसाठी जे लिहिलं, त्यात जमिनीवर आडव्या-उभ्या पडलेल्या दोन काड्यांच्या क्रूसावर पाय पडलेल्या माणसाचा उल्लेख आहे. हे पाप झालं असं त्याला वाटतं आणि झालं नाही असंही वाटतं. ती घालमेल खरं पाप नव्हे, हे लोयोलानं ओळखलं होतं. आजचा मानसोपचारतज्ज्ञही इथूनच सुरुवात करतो. पुन्हा पुन्हा मिळणाऱ्या दिलाशानं हा आजार पोसला जातो, म्हणून रुग्णाला हळूहळू ती शंका मनात तशीच राहू देऊन, पुन्हा प्रार्थना न करता, पुन्हा कबुली न देता बसायला शिकवलं जातं. हे धर्माविरुद्ध नाही, असं रुग्णाला पटवायला त्याच्याच धर्मातला जाणता माणूस सोबत असेल तर उपचार सोपे होतात. 'एकदाच प्रार्थना कर, चुकली तरी चालेल' हे वाक्य डॉक्टरच्या तोंडून ऐकताना त्याला तो मोह वाटतो. धर्मगुरूच्या तोंडून ती परवानगी ठरते.

फ्रॉइडला विधी आणि मंत्रचळ यांच्यातलं साम्य दिसलं, पण फरकाला त्यानं पुरेसं वजन दिलं नाही असं मला वाटतं. धार्मिक विधी संपतो. तो झाल्यावर माणूस उठतो आणि चार माणसांत मिसळतो. मंत्रचळाचा विधी कधीच पुरा होत नाही आणि माणसाला एकटं पाडतो. हा फरक बहुतेक वेळा घरच्या श्रद्धाळू माणसांनाच आधी जाणवतो.

भासभ्रमांच्या बाबतीतही तेच. देव माझ्याशी बोलतो, असं म्हणणारा प्रत्येकजण आजारी नसतो; कित्येक भक्तांचा तो रोजचा, शांत अनुभव असतो. पण दिवसेंदिवस झोप नाही, अन्न नाही, आवाज हुकूम सोडतो आहे, स्वतःला किंवा दुसऱ्याला इजा करायला सांगतो आहे, आणि त्याच पंथातली माणसं म्हणताहेत की 'हे आमच्यातलं नाही', तर तिथे वाट बघत बसू नये. मनोविकारांच्या निदानाची अमेरिकन पुस्तिका (डीएसएम) भ्रमाची व्याख्या करताना त्या माणसाच्या समाजाची, संस्कृतीची समजूत लक्षात घ्यायला सांगते. १९९४च्या आवृत्तीत तर 'धार्मिक किंवा आध्यात्मिक समस्या' हा वेगळा विभागच आला, आणि तो आजार म्हणून नाही, तर लक्ष द्यायला हवं अशी बाब म्हणून. श्रद्धा डळमळणं, धर्म बदलणं, गुरूवरचा विश्वास उडणं यानं माणूस हादरतो, पण तेवढ्यानं तो रुग्ण होत नाही. हे लिहून ठेवावं लागलं, यावरूनच आधी काय होत होतं ते कळतं.

याच्या उलट, आजाराला अध्यात्माचा मुलामा देणंही तितकंच वाईट. साधकाच्या वाटेवर कोरडेपणाचा, अंधाराचा काळ येतो असं अनेक परंपरा सांगतात. ते खरं असेल. पण ज्याला अंथरुणातून उठवत नाही, ज्याचं वजन उतरत चाललं आहे, जो मरणाचा विचार करतो आहे, त्याला 'ही तुझी परीक्षा आहे' म्हणून थोपवून ठेवणाऱ्यावर त्या जिवाची जबाबदारी येते.

आणि हे धर्माला बाहेरून शिकवावं लागतं अशातला भाग नाही. दहाव्या शतकात, ९३४मध्ये वारलेल्या अबू झैद अल-बल्खी या मुस्लिम विद्वानानं शरीराच्या आणि मनाच्या आरोग्यावर एकत्र ग्रंथ लिहिला. भीती, राग, विषाद आणि सतत छळणारे विचार यांवर त्यात वेगवेगळे उपाय सांगितले आहेत. कारण असलेलं दुःख आणि कारणाशिवाय येणारं दुःख यांतही तो फरक करतो. १७९६मध्ये इंग्लंडमधल्या यॉर्क इथे क्वेकर या ख्रिस्ती पंथातल्या विल्यम ट्यूकनं मनोरुग्णांसाठी घर उघडलं, ते त्यांना साखळदंडात न ठेवता माणूस म्हणून वागवायला. त्यामागे प्रत्येक माणसात ईश्वरी अंश आहे ही श्रद्धा होती. मनोरुग्णाला डॉक्टरकडे नेणं म्हणजे देवावर अविश्वास, असं आज कुणी म्हणत असेल तर त्याला स्वतःच्याच परंपरा ठाऊक नाहीत.

म्हणून मागणी दोघांकडे आहे, आणि ती सारखी नाही. धर्मगुरूंकडून, प्रवचनकारांकडून, सत्संग चालवणाऱ्यांकडून अपेक्षा जास्त, कारण बहुतेक श्रद्धाळू माणसं आधी त्यांच्याकडे जातात. नैराश्य, मंत्रचळ, स्किझोफ्रेनिया यांची लक्षणं त्यांना माहीत हवीत. ओळखीचा मानसोपचारतज्ज्ञ हवा. 'औषध घे आणि प्रार्थनाही कर' हे त्यांनी व्यासपीठावरून, सगळ्यांच्या देखत म्हणायला हवं, कारण खाजगीत सांगितलं की रुग्णाला ती आपल्यापुरती दिलेली सवलत वाटते. चालू असलेलं औषध बंद करायला सांगण्याचा अधिकार त्यांना नाही.

उपचार करणाऱ्यांकडून मागणी साधी आहे: विचारा. 'कठीण काळात तुम्हाला कशाचा आधार वाटतो?' 'देव-धर्म मानत असाल तर या आजारपणात त्याबद्दल काय वाटतं आहे?' दोन प्रश्नांना दोन मिनिटं लागतात. पुष्कळ डॉक्टरांना भीती वाटते की असं विचारणं म्हणजे श्रद्धेला दुजोरा देणं होईल. आपण दारूबद्दल विचारतो, लग्नाबद्दल विचारतो, तेव्हा कुणाला दुजोरा देत नसतो. उलट भीतीही असते, की समुपदेशक आपली मतं रुग्णावर लादेल. ती अगदीच निराधार नाही. खुर्चीत बसलेल्या माणसाचा शब्द असहाय माणसावर फार खोल जातो. रुग्णाला देवाकडे वळवणं आणि देवापासून तोडणं, दोन्ही त्या खोलीत वर्ज्य असायला हवं. अमेरिकन सायकॉलॉजिकल असोसिएशनच्या २००२च्या आचारसंहितेत वय, लिंग, संस्कृती यांच्या जोडीला धर्म हाही मानसशास्त्रज्ञानं समजून घेण्याचा आणि आदर राखण्याचा घटक मानला आहे. समजून घ्यायचं तर आधी विचारावं लागतं. डॉक्टर स्वतः नास्तिक असेल तरी हे काम त्याला चांगलं करता येतं. एलिसनं ते उतारवयात करून दाखवलं.